उरःस्थ सद्योव्रण आणि आयसीडी संकेतांक : ‘विद्ध’ की ‘भिन्न’?

सद्योव्रणाचे सहा प्रकार आपण पदवीच्या दुसऱ्या-तिसऱ्या वर्षातच मुखोद्गत करतो. पुढे व्यवसायात पडल्यावर ती गणना परीक्षेच्या वहीत राहते आणि केसपेपरवर ‘छातीला जखम, टाके ३’ एवढेच उरते. ग्रामीण रुग्णालयात, खाजगी रुग्णालयाच्या कॅज्युअल्टीत, तसेच २०१४ पासून महाराष्ट्रात सुरू असलेल्या १०८ क्रमांकाच्या रुग्णवाहिकांवर आयुर्वेद पदवीधर वैद्यकीय अधिकारी म्हणून मोठ्या संख्येने काम करीत आहेत. छातीवर वार झालेला, बैलाने शिंग खुपसलेला वा काचेवर पडलेला रुग्ण अनेकदा प्रथम त्यांच्याच हाती येतो. त्या रुग्णाच्या निदानाला पुढे एक संकेतांक दिला जातो. तो विमा कंपनीच्या दावापत्रावर जातो, रुग्णालयाच्या अहवालात जातो आणि तेथून राज्याच्या आकडेवारीत मिसळतो. संकेतांक देणारी व्यक्ती बहुधा रुग्णाला पाहतच नाही. ती केवळ आपण लिहिलेला कागद पाहते. म्हणून छातीच्या उघड्या जखमेची नोंद कशी करावी आणि तिचा संकेतांक कसा ठरतो, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

प्रारंभीच एक खुलासा. कॅज्युअल्टीत ‘आयसीडी टाकली’ असे कोणी म्हणाले, तर त्याचा अर्थ बरगड्यांमधून छातीत निचऱ्याची नळी घातली असा होतो. आपला विषय ती आयसीडी नव्हे. जागतिक आरोग्य संघटनेच्या ‘रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणा’लाही आयसीडी हेच आद्याक्षरी नाव आहे. छातीच्या जखमेच्या रुग्णात दोन्ही आयसीडी एकाच कागदावर येऊ शकतात. त्यामुळे नळी घातल्याची नोंद पूर्ण शब्दांत करणे बरे.

या वर्गीकरणाचा उगम १८९३ साली बर्टिलाँ यांनी मांडलेल्या मृत्युकारणांच्या यादीत आहे. दहावी आवृत्ती जागतिक आरोग्य परिषदेने १९९० मध्ये संमत केली. अकरावी २०१९ मध्ये संमत होऊन १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली. तरीही आपल्याकडील रुग्णालयीन नोंदी आणि विम्याचे दावे यांत अद्याप दहाव्या आवृत्तीचे संकेतांकच प्रामुख्याने आढळतात. त्यामुळे येथील विवेचन मुख्यतः त्याच आवृत्तीला धरून आहे. संकेतांकातील पहिले अक्षर प्रत्यक्षात रोमन लिपीत लिहावयाचे असते. येथे ते वाचनाच्या सोयीसाठी देवनागरीत दिले आहे.

एस२१ या वर्गाची रचना

दहाव्या आवृत्तीत आघातजन्य विकारांचा एकोणिसावा अध्याय शरीराच्या प्रदेशानुसार मांडलेला आहे. एस२० ते एस२९ हे वर्ग उरःप्रदेशाचे आहेत. त्यांपैकी एस२० हा वरवरच्या आघाताचा, म्हणजे खरचटणे, मुका मार यांचा वर्ग होय. एस२१ हा उघड्या जखमेचा वर्ग होय. त्यात स्तनाची जखम एस२१.०, छातीच्या पुढील भिंतीची एस२१.१, मागील भिंतीची एस२१.२, अनेक उघड्या जखमा एस२१.७, उरःप्रदेशाच्या अन्य भागाची एस२१.८ आणि स्थान न सांगितलेली जखम एस२१.९ असे उपविभाग आहेत. कापणे, फाटणे, भोसकले जाणे, प्राण्याने चावणे, शल्य आत राहिलेली किंवा न राहिलेली वेधजन्य जखम, हे सर्व ‘उघडी जखम’ या संज्ञेत येते. भाजल्याची जखम मात्र येत नाही, तिचे वर्ग स्वतंत्र आहेत.

प्रदेशाच्या सीमा लक्षात ठेवण्यासारख्या आहेत. काख, जत्रुअस्थी आणि अंसफलकाचा प्रदेश आपण बोलताना ‘छातीवर’ किंवा ‘पाठीवर’ असे म्हणून मोकळे होतो. वर्गीकरण मात्र हे प्रदेश खांद्याकडे देते. खवाट्यावरील जखम त्यामुळे एस२१.२ मध्ये न जाता एस४१ मध्ये जाते. कमरेच्या खालच्या भागातील जखम एस३१ मध्ये जाते. ‘पाठीवर वार’ एवढेच लिहिलेले असेल तर संकेतांक देणाऱ्याने तीनपैकी कोणता वर्ग निवडावा? कागद गप्प असला की तो सवयीने निवड करतो. सुश्रुताने पृष्ठाची मर्मे सांगताना अंसफलक, बृहती, पार्श्वसंधी, कटीकतरुण अशी स्थानाची नेमकी नावे दिली आहेत. ‘पाठ’ या एका शब्दावर त्याचे समाधान झालेले नाही.

आता मुख्य अडचणीकडे येऊ. वर दिलेल्या सर्व उपविभागांत एक गोष्ट कोठेही नाही, आणि ती म्हणजे जखमेची खोली. त्वचा व मांस यांपर्यंतच थांबलेली दोन इंचांची चीर आणि फुफ्फुसावरण भेदून गेलेला दोन इंचांचा वार, या दोहोंना जागतिक आरोग्य संघटनेच्या आवृत्तीत एस२१.१ हाच संकेतांक मिळतो. एकाला टाके घालून घरी पाठवता येते, तर दुसरा तासाभरात दगावू शकतो. हा फरक वर्गीकरणाला कळत नाही असे नव्हे. तो दुसऱ्या संकेतांकाने दाखवावा अशी त्याची अपेक्षा आहे. उरोगुहेत हवा शिरली असेल तर एस२७.०, रक्त साचले असेल तर एस२७.१, दोन्ही असतील तर एस२७.२, फुफ्फुसाची अन्य इजा असेल तर एस२७.३, हृदयाला इजा असेल तर एस२६, आणि मोठ्या रक्तवाहिनीला इजा असेल तर एस२५. हे संकेतांक एस२१ च्या जोडीला द्यावयाचे असतात. एकापेक्षा अधिक संकेतांक देणे शक्य नसेल तेथे एस२६ व एस२७ यांना एक जादा अंक जोडण्याची सोयही आहे : उरोगुहेत उघडणारी जखम नसल्यास ०, असल्यास १.

प्रमुख निदान कोणते धरावे याचाही नियम आहे. एकाच प्रदेशात आभ्यंतर अवयवाची इजा आणि बाहेरील जखम अशा दोन्ही असतील, तर आभ्यंतर इजा प्रमुख आणि जखम दुय्यम. रक्त व हवा साचलेल्या रुग्णाच्या कागदावर पहिल्या ओळीत ‘छातीची उघडी जखम’ आणि शेवटच्या ओळीत ‘डाव्या उरोगुहेत रक्त’ असे लिहिण्याची पद्धत त्यामुळे सोडून दिली पाहिजे. विम्याच्या प्रमाणित दावापत्रातील रुग्णालयाने भरावयाच्या भागात प्रमुख निदान आणि अतिरिक्त निदान यांच्या संकेतांकांना वेगवेगळे रकाने असतात. पहिल्या रकान्यात केवळ एस२१.१ आला आणि बिलात अतिदक्षता विभागाचे सहा दिवस लागले, तर दावा तपासणारा ‘साध्या जखमेला एवढे दिवस कशासाठी?’ असे विचारणारच. त्या प्रश्नाचा त्रास रुग्णाच्या नातेवाइकांना होतो.

सुश्रुताचा भेद

ज्या ठिकाणी दहावी आवृत्ती दोन संकेतांकांचा आधार घेते, त्याच ठिकाणी सुश्रुताने व्याधीचे नावच बदलले आहे, हे अभ्यासकाने सावकाश पाहण्यासारखे आहे. चिकित्सास्थानाच्या दुसऱ्या अध्यायात छिन्न, भिन्न, विद्ध, क्षत, पिच्चित आणि घृष्ट असे सद्योव्रणाचे सहा भेद आले आहेत. त्यांतील भिन्न आणि विद्ध ही जोडी आपल्या विषयाच्या दृष्टीने मोलाची आहे. दोन्ही टोकदार वस्तूने होतात. बाहेरून पाहिल्यास दोन्हींचे मुख लहान असू शकते. मात्र सूक्ष्म मुखाच्या शल्याने आशय सोडून अन्य अंगाला वेध झाला तर ते विद्ध, आणि भाला, शक्ती, तलवारीचे टोक, शिंग यांसारख्या वस्तूने आशयाला इजा होऊन काही स्राव झाला तर ते भिन्न. हा भेद जखमेच्या लांबीरुंदीवर किंवा शस्त्राच्या नावावर ठरलेला नाही. आशयापर्यंत पोचली की नाही, या एकाच प्रश्नावर तो उभा आहे.

उदरासाठी हे मान्य, पण छातीसाठी कसे, अशी शंका येऊ शकते. तिचे उत्तर त्याच अध्यायात आहे. कोष्ठ कशाला म्हणावे हे सांगताना आम, अग्नी, पक्व, मूत्र आणि रुधिर यांच्या स्थानांबरोबर हृदय, उंडुक आणि फुप्फुस यांचीही गणना केली आहे. म्हणजे फुप्फुस वा हृदय यांना भेदणारी छातीची जखम ही शास्त्रतः भिन्नकोष्ठ होय. कोष्ठ रक्ताने भरला असता होणाऱ्या लक्षणांत मूर्च्छा, श्वास, तृष्णा, मुखातून व नासिकेतून रक्त येणे, तोंडाला लोखंडासारखा वास येणे, हृदयात व दोन्ही पार्श्वांत शूल ही लक्षणे आली आहेत. पांडुता, हात-पाय-मुख थंड पडणे, श्वास थंड लागणे ही अंतर्लोहिताची लक्षणे असलेला रुग्ण वर्ज्य सांगितला आहे. ही अवस्था आजच्या भाषेत रक्तस्रावजन्य आघाताची असून तिला टी७९.४ हा स्वतंत्र संकेतांक आहे. आज असा रुग्ण वर्ज्य नाही. शिरेवाटे द्रव देत तो तातडीने शस्त्रक्रियेची सोय असलेल्या ठिकाणी पोचवावयाचा असतो. परंतु लक्षणांची ती यादी कॅज्युअल्टीच्या भिंतीवर लावावी इतकी उपयोगी आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

शारीरस्थानाच्या सहाव्या अध्यायातील उरोमर्मेही येथे आठवावीत. उरःप्रदेशात एकूण नऊ मर्मे आहेत : एक हृदय, आणि स्तनमूल, स्तनरोहित, अपलाप, अपस्तंभ ही प्रत्येकी दोन. हृदय सद्यःप्राणहर आणि उरलेली आठ कालांतरप्राणहर आहेत. त्यांच्या विद्धलक्षणांतील भाषा पाहावी. स्तनरोहिताच्या आघाताने कोष्ठ रक्ताने भरतो, अपस्तंभाच्या आघाताने कोष्ठ वाताने भरतो, आणि दोन्हींत कास व श्वास होऊन मृत्यू येतो. एस२७.१ व एस२७.० या दोन संकेतांकांत जो भेद आहे, त्याच्या इतक्या जवळ जाणारे वर्णन वाचून अभ्यासकाला विस्मय वाटतो. तथापि येथे संयम हवा. मर्माची व्याख्या स्थानाने होते आणि एस२७ ची व्याख्या आत काय साचले याने होते. अपस्तंभ म्हणजे एस२७.० असा सरळ बेरजेचा हिशेब मांडू नये. खालच्या बाजूच्या वारातही हवा शिरते आणि वरच्या बाजूच्या वारातही रक्त साचते.

अन्य चार भेदांचा मेळ थोडक्यात सांगता येतो. घृष्ट हा बहुतेक वेळा एस२० मध्ये जातो. केवळ भिंतीपुरता छिन्न, क्षत वा विद्ध एस२१ मध्ये जातो. अस्थीसह चिरडलेला पिच्चित बरगड्यांच्या अनेक भंगांच्या किंवा चिरडलेल्या छातीच्या वर्गात, म्हणजे एस२२ वा एस२८.० मध्ये जातो. वाग्भटाने उत्तरस्थानात सद्योव्रणाचे आठ भेद केले आहेत, पण भिन्न व विद्ध हे दोन्ही भेद त्याने वेगळेच ठेवले आहेत.

एकच क्रमांक, दोन अर्थ

अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून दहाव्या आवृत्तीचे स्वतःचे विस्तारित रूप स्वीकारले. त्याला आयसीडी-१०-सीएम म्हणतात. आपल्या वाचकांना त्याच्याशी काय कर्तव्य, असे वाटू शकेल. परंतु अमेरिकी रुग्णालयांचे संकेतांकनाचे काम भारतातील कंपन्यांत मोठ्या प्रमाणावर चालते आणि आयुर्वेद पदवीधरही त्यात नोकरी करतात. शिवाय महाजालावर शोध घेतला की बहुधा अमेरिकी संकेतांकच समोर येतात आणि आपल्या रुग्णालयात तेच उतरवले जातात.

या विस्तारित रूपात खोलीचा प्रश्न एस२१ च्या आतच सोडवला आहे. एस२१.१ म्हणजे पुढील भिंतीची, उरोगुहेत न शिरलेली जखम. एस२१.२ म्हणजे मागील भिंतीची, उरोगुहेत न शिरलेली जखम. उरोगुहेत शिरलेल्या जखमांसाठी पुढील भिंतीचा एस२१.३ आणि मागील भिंतीचा एस२१.४ असे दोन नवे उपविभाग केले आहेत. घोटाळा येथेच होतो. जागतिक आवृत्तीत एस२१.१ चा अर्थ ‘पुढील भिंतीची जखम, खोली कोणतीही’ असा आहे, तर अमेरिकी रूपात ‘पुढील भिंतीची जखम, आत न शिरलेली’ असा आहे. क्रमांक तोच, पण दुसऱ्या अर्थात रुग्णाच्या जिवाचा प्रश्नच पुसला जातो. उलटपक्षी एस२१.३ हा संकेतांक जागतिक आवृत्तीत नाहीच, त्यामुळे तो आपल्या अहवालात आल्यास प्रणाली तो नाकारते. आपल्या संस्थेत कोणते रूप वापरले जाते, हे अभिलेख विभागाला एकदा विचारून घ्यावे.

अमेरिकी रूपात पुढील प्रत्येक स्थान अर्थपूर्ण आहे. पाचवे स्थान जखमेच्या स्वरूपाचे : अनिर्दिष्ट ०, शल्यरहित फाटलेली वा चिरलेली जखम १, शल्यसहित तशीच जखम २, शल्यरहित वेध ३, शल्यसहित वेध ४, चावा ५. सहावे स्थान बाजूचे : उजवी १, डावी २, अनिर्दिष्ट ९. सातवे स्थान उपचाराच्या टप्प्याचे : सक्रिय उपचार चालू असता ए, भरून येण्याच्या काळात डी, कालांतराने उरलेल्या परिणामासाठी एस. म्हणून छातीच्या उजव्या पुढील भागात खुपसलेले, आत शल्य न राहिलेले, उरोगुहेत शिरलेले आणि प्रथमोपचाराच्या टप्प्यातील वेधन असेल तर संकेतांक एस२१.३३१ए असा होतो. या सात चिन्हांपैकी पाच तरी आपल्या केसपेपरवरील एकेका शब्दावर अवलंबून आहेत. तो शब्द नसेल तर ‘अनिर्दिष्ट’ हे चिन्ह भरले जाते.

पूर्वीच्या नवव्या आवृत्तीतही ही उणीव वेगळ्या रूपात होती. छातीच्या उघड्या जखमेला तेथे ८७५ हा क्रमांक होता आणि त्याचे ‘उपद्रवरहित’ व ‘उपद्रवयुक्त’ असे दोनच भाग होते. उपद्रव म्हणजे शल्य राहणे, जंतुसंसर्ग होणे, भरण्यास विलंब लागणे. उरोगुहेत शिरणे हा त्यातील उपद्रव नव्हता. त्यासाठी ८६० या वेगळ्या वर्गात जावे लागे. जुन्या डिस्चार्ज कार्डावर ८७५.१ दिसला तर जखम आत गेली होती असा अर्थ काढणे म्हणूनच चुकीचे ठरते.

खोली कशी ठरवावी

संकेतांकासाठी खोली कळली पाहिजे, हे खरे. पण त्यासाठी जखमेत बोट किंवा एषणी घालून पाहू नये. व्रणपरीक्षेत एषण ही क्रिया आपल्याकडे शास्त्रसंमत आहे आणि नाडीव्रणात ती अपरिहार्य आहे. छातीच्या ताज्या जखमेत मात्र एषणीने बंद झालेला मार्ग पुन्हा उघडतो, थांबलेला रक्तस्राव पुन्हा सुरू होतो आणि भिंतीपुरती असलेली जखम आत पोचू शकते. खोलीचा निर्णय दर्शन, स्पर्शन आणि चित्रण यांनीच करावा. श्वासाबरोबर जखमेतून हवा आत-बाहेर होते का, फेसाळ रक्त येते का, जखमेभोवती दाबल्यास त्वचेखाली करकर जाणवते का, त्या बाजूचा श्वासध्वनी कमी आहे का, ताडनात ध्वनी पोकळ आहे की मंद, गळ्यातील शिरा फुगल्या आहेत का, हे पाहून लिहावे. शक्य तेथे बसलेल्या स्थितीतील छातीचे क्ष-किरण चित्र आणि सोनोग्राफी करावी. पहिले चित्र निर्दोष असले तरी काही तासांनी ते पुन्हा काढावे लागते. हवा हळूहळूही शिरते.

स्तनाग्राच्या पातळीखालील कोणतीही वेधजन्य जखम ही छातीइतकीच उदराचीही मानावी. निःश्वासाच्या वेळी श्वासपटल चौथ्या-पाचव्या बरगडीपर्यंत वर येते, त्यामुळे छातीवर दिसणारा वार यकृतात वा प्लीहेत पोचलेला असू शकतो. अशा रुग्णात एस२१ बरोबर उदरातील अवयवांचा एस३६ हा वर्गही लागतो.

रुग्ण पुढे पाठवण्यापूर्वी करावयाच्या गोष्टी थोड्या आहेत. हवा ओढणाऱ्या जखमेवर तीन बाजूंनी चिकटवलेले अभेद्य आच्छादन घालावे, चौथी बाजू मोकळी ठेवावी. आच्छादनानंतर श्वास अधिकच कोंडू लागला तर ते क्षणभर उचलावे. प्राणवायू द्यावा. रुतलेले शस्त्र उपसू नये, ते हलणार नाही असे बांधावे. विशल्यघ्न मर्मात शल्य असेपर्यंत रुग्ण जगतो आणि काढताच मरतो, ही कल्पना आपल्या परंपरेत परिचित आहे. सुश्रुताने ती उत्क्षेप व स्थपनी या शिरोमर्मांसाठी सांगितली असली, तरी छातीत रुतलेल्या सुऱ्याच्या बाबतीतही वागणूक तीच ठेवावी. शल्य रुतलेले असताना रुग्ण पाठवला, तर ‘शल्यसहित’ हा शब्द पाठवणीच्या चिठ्ठीवर यावा. वरच्या रुग्णालयात शल्य काढल्यावर मूळ स्थिती केवळ त्या चिठ्ठीतच राहते.

कारणाचा संकेतांक आणि न्यायवैद्यक बाजू

जखमेचा संकेतांक काय झाले ते सांगतो. कसे झाले हे सांगण्यासाठी विसाव्या अध्यायातील बाह्य कारणांचा दुसरा संकेतांक जोडावा लागतो. धारदार शस्त्राने दुसऱ्याने केलेला हल्ला एक्स९९, स्वतःहून केलेली इजा एक्स७८, हेतू ठरवता न आल्यास वाय२८, फुटक्या काचेमुळे झालेला अपघात डब्ल्यू२५, शेतीच्या यंत्रामुळे डब्ल्यू३०, कुत्र्यामुळे डब्ल्यू५४, अन्य सस्तन प्राण्यामुळे डब्ल्यू५५. जागतिक आवृत्तीत यापुढे घटनास्थळाचा अंक येतो : घर ०, रस्ता ४, कारखाना वा बांधकामाची जागा ६, शेत ७. शेतात बैलाने उजव्या छातीत शिंग खुपसले, उरोगुहेत रक्त व हवा साचली, असा रुग्ण घेऊ. त्याची नोंद एस२७.२ प्रमुख, एस२१.१ दुय्यम आणि डब्ल्यू५५.७ कारण अशी होते. शिंगाचा उल्लेख सुश्रुताच्या भिन्नलक्षणातही आहे, हे मघा आलेच आहे.

कारण लिहिताना वैद्याने न्यायाधीश होऊ नये. रुग्णाने वा सोबतच्या व्यक्तीने जे सांगितले ते ‘सांगितल्याप्रमाणे’ असे म्हणून लिहावे, सांगणाऱ्याचे नातेही लिहावे. ‘भांडणात लागले’ आणि ‘सुरीवर पडला’ यांतील एक निवडण्याचा अधिकार आपला नाही. दोन व्यक्तींनी दोन हकिकती सांगितल्या तर दोन्ही लिहाव्यात. कौटुंबिक हिंसेच्या प्रकरणांत स्त्रियांच्या छातीवरील जखमांची कारणे अनेकदा सोबत आलेल्या माणसाच्या तोंडून येतात, म्हणून रुग्णाचे म्हणणे एकांतात ऐकून स्वतंत्र नोंदवणे अगत्याचे आहे.

संकेतांक आणि जखमेचा दाखला यांची गल्लत करू नये. जखम साधी की गंभीर, हे दाखल्यात कायद्याच्या व्याख्येने ठरते. १ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता लागू झाली असून गंभीर दुखापतीची व्याख्या आता तिच्या कलम ११६ मध्ये आहे. जुन्या कलम ३२० मध्ये तीव्र वेदना किंवा नित्यकर्मास असमर्थता यांसाठी असलेली २० दिवसांची मर्यादा नव्या संहितेत १५ दिवसांची झाली आहे. जीवितास धोका निर्माण करणारी दुखापत दोन्हींत गंभीरच आहे. उरोगुहेत शिरलेली जखम या शेवटच्या कलमात बसते का, याचा निर्णय होताना उलटतपासणीत आपल्याच टिपणातील खोलीची नोंद वाचली जाते.

मृत्यू झाल्यास क्रम उलटतो. जिवंत रुग्णात जखम प्रमुख आणि कारण जोडीला असते. मृत्यूच्या आकडेवारीत मात्र मूळ कारण म्हणून बाह्य कारणाचाच संकेतांक धरला जातो, म्हणजे एस२६ नव्हे तर एक्स९९. मृत्युकारण प्रमाणपत्रात ‘हृदय व श्वसनक्रिया बंद पडली’ एवढेच लिहिल्यास हत्येचा मृत्यू हृदयविकाराच्या मृत्यूंत मिसळण्याचा धोका असतो.

भरून येणारा व्रण

आपल्या चिकित्सालयात छातीच्या जखमेचा रुग्ण तातडीच्या अवस्थेपेक्षा नंतरच्या अवस्थेत अधिक येतो. मोठ्या रुग्णालयातून घरी सोडलेला, नळीची जागा न भरलेला, टाके पिकलेला असा रुग्ण जात्यादी तैलाच्या पिचूसाठी किंवा त्रिफळाक्वाथाने धावनासाठी येतो. त्याच्या नोंदीत पुन्हा एस२१.१ लिहिला, तर कागदावर एकाच माणसाला दोनदा भोसकले गेल्यासारखे होते. केवळ पट्टी बदलण्यासाठी वा टाके काढण्यासाठी आलेल्या रुग्णाला जागतिक आवृत्तीत झेड४८.० आहे, आघातानंतर जखमेत झालेल्या जंतुसंसर्गाला टी७९.३ आहे. बऱ्याच काळाने व्रणवस्तू ओढला जाऊन वेदना होत असेल, तर मान व धडाच्या उघड्या जखमेच्या उत्तरपरिणामाचा टी९१.० आणि उरोगुहेतील अवयवांच्या इजेच्या उत्तरपरिणामाचा टी९१.४ उपलब्ध आहे. अशा वेळी दाखल केलेल्या तक्रारीचे नाव प्रथम लिहून हा संकेतांक जोडीला द्यावा.

अकरावी आवृत्ती आणि आपले शब्द

अकराव्या आवृत्तीत बाविसावा अध्याय आघातांचा आणि तेविसावा बाह्य कारणांचा आहे. तिची पद्धत निराळी आहे. मूळ संकेतांकाला बाजू इत्यादी तपशिलांचे विस्तार-संकेतांक जोडून साखळी तयार करता येते. जोडणीसाठी ‘आणि’चे चिन्ह वापरतात, तर दोन मूळ संकेतांक तिरप्या रेघेने जोडले जातात. उजवी-डावी बाजू सांगण्यासाठी त्यामुळे दर वेळी नवा क्रमांक शोधावा लागत नाही.

सव्विसावा अध्याय पारंपरिक वैद्यकाचा आहे. त्याचा पहिला भाग पूर्व आशियातील पद्धतींचा. आयुर्वेद, सिद्ध आणि युनानी यांच्या संज्ञांचा दुसरा भाग १० जानेवारी २०२४ रोजी नवी दिल्लीत जाहीर झाला. त्याआधी २०१७ पासून आयुष मंत्रालयाच्या नमस्ते पोर्टलवर आयुर्वेदीय व्याधींचे राष्ट्रीय संकेतांक उपलब्ध होते आणि या भागाच्या घडणीत त्या कामाचा आधार होता. सद्योव्रणाचे भेद आता अनुवादाच्या कुबडीशिवाय नोंदवता येण्याची वाट मोकळी होत आहे, ही समाधानाची गोष्ट आहे.

मात्र या अध्यायाचा वापर पूरक म्हणून आहे. पारंपरिक संज्ञेच्या संकेतांकाबरोबर पहिल्या चोवीस अध्यायांतील संकेतांकही द्यावा, असे त्याचे धोरण आहे, आणि मृत्युकारणांच्या नोंदीसाठी तो वापरावयाचा नाही. छातीच्या जखमेत याचा अर्थ असा की, ‘भिन्न’ असे निदान लिहिले तरी त्याच ओळीत कोणता आशय भिन्न झाला, कोणत्या बाजूचा, आत रक्त आहे की हवा, आणि ते कशावरून ठरवले, हे लिहावे लागेल. वरच्या रुग्णालयातील शल्यचिकित्सकाला ‘भिन्न’ हा शब्द परिचित नसेल, आणि आपल्या विद्यार्थ्याला एस२७.२ हा क्रमांक परिचित नसेल. दोघांनाही ‘उजव्या बाजूस, पाचव्या व सहाव्या बरगड्यांमध्ये, स्तनरेषेच्या बाहेर, दोन सेंटीमीटरचा वेध, उरोगुहेत शिरलेला, क्ष-किरणात रक्त व हवा, शल्य नाही’ हे वाक्य कळते.